स्वप्नकण : वस्तुमान, आयुष्य आणि आईची उशी

उशीखालची वही (धागाकर्ता)

मंडळी, दहा दिवस हे डोक्यात घोळतंय. घरात सांगितलं तर हसतील म्हणून इथे लिहितो. इथे हसलात तरी निदान मला दिसत नाही.

गणपतीला गावी गेलो होतो, संगमेश्वरजवळ. निघताना आईने बळजबरीने एक उशी गाडीत कोंबली. सावरीच्या कापसाची, दोन विटांएवढी जड, अभ्र्यावर कुणीतरी काढलेला लाल दोऱ्याचा मोर. "तुमच्या त्या स्पंजाच्या उशांनी माना धरतात," हे वर ऐकवलं. डोंबिवलीला येऊन तिसऱ्या रात्री तीच उशी घेऊन झोपलो आणि स्वप्न पडलं. मी सहा-सात वर्षांचा, दप्तर डोक्यावर, साकवावरून व्हाळ ओलांडतोय. पोफळीचे दोन सोट, शेवाळलेले, आणि हाताला धरायला बांबू एकाच बाजूला. खाली तांबडं पाणी. पलीकडे कुणीतरी लाल छत्री घेऊन उभं.

आता गोम अशी की मी जन्मात साकवावरून शाळेत गेलेलो नाही. माझ्या जन्माआधीच तिथे सिमेंटचा पूल झाला. साकवावरून शाळेत जायची ती आई.

तर माझा सिद्धांत : स्वप्नं कणांची असतात. झोपलेल्या डोक्यातून हे कण झिरपतात आणि कापसात अडकतात. स्पंजाला भोकं मोठी, त्यातून निसटतात. कापूस पिंजला की मोकळे होतात. पिंजारी दारात बसून धनुकली वाजवायचा, सगळीकडे पांढरा धुरळा, आणि त्या रात्री आमचं अख्खं घर झोपेत बडबडायचं. उन्हाने मरतात, म्हणून आजी वैशाखात गाद्या अंगणात टाकायची (ती म्हणायची ढेकूण मरतात. असेल.). पाण्यात विरघळतात, म्हणून तोंड धुतलं की स्वप्न गेलं.

वस्तुमान, भार, आयुष्य वगैरे ठरवायचं आहे. जाणकारांनी भर घालावी. हा धागा 'विज्ञान' विभागात टाकलाय, संपादकांनी 'विनोदी' मध्ये हलवू नये ही विनंती.

ताकघुसळ्या

हलवणारच. पण तोवर माझी भर : 'परीक्षॉन'. अतिजड कण. मी पन्नाशीला आलो, पोरगी इंजिनिअर झाली, तरी वर्षातून दोनदा बीजगणिताचा पेपर असतो आणि मी भूगोलाचा अभ्यास करून गेलेला असतो. म्हणजे हा कण पस्तीस वर्षांत अर्धासुद्धा क्षय पावलेला नाही.

सुपारीबाग

आणि 'चपलॉन'! देवळाबाहेर आलं की चप्पल नाही. मग अनवाणी थेट लग्नाच्या पंगतीत. हा कण एकटा कधीच सापडत नाही, चपलॉन आणि पंगतॉन जोडीनेच.

अनुस्वार

'ऑन' काय लावलंय? परीक्षाणू, चप्पलाणू म्हणा. मराठी मेलीय का?

भौतिकीचा मास्तर

अनुस्वार, 'ऑन'वर एवढा राग नको. बोसॉन या कणाच्या नावात आपले सत्येंद्रनाथ बोस बसलेत. डिरॅक या भौतिकशास्त्रज्ञाने ते नाव ठेवलं. बंगाली आडनावाला चालतं तर मराठी चपलेला का नको?

आता धागाकर्त्याला. गंमत म्हणून छान आहे, पण विज्ञान विभागात यायचं तर थोडी शिस्त पाळू. न दिसणारा कण कल्पिणं यात लाज काही नाही. पाउली या भौतिकशास्त्रज्ञाने १९३० साली न्यूट्रिनो हा कण कल्पिला तेव्हा हातात काही नव्हतं, फक्त हिशोबात ऊर्जा कमी पडत होती. तो सापडायला १९५६ उजाडलं. आपल्या कोलारच्या सोन्याच्या खाणीत, दोन किलोमीटरहून खोल, १९६५ साली वातावरणातून येणाऱ्या न्यूट्रिनोंच्या खुणा मिळाल्या. पण पाउलीच्या हिशोबात खरोखर काहीतरी कमी पडत होतं. तुमच्या हिशोबात काय कमी पडतंय? 'मी न पाहिलेला साकव मला दिसला', इतकंच. त्याला कण कशाला लागतो?

आयुष्याबद्दल मात्र एक सुचवतो, फुकट घ्या. न्यूट्रॉन अणूच्या केंद्रकात असतो तोवर बहुतेक वेळा सुखरूप राहतो. तोच बाहेर काढून मोकळा सोडला की सरासरी पंधरा मिनिटांत फुटतो. स्वप्नाचंही तसंच नाही का? झोपेच्या आत असताना भक्कम, तिथे त्याला कुणी काही विचारत नाही. बाहेर आलं की चहा उकळेपर्यंत खलास.

उशीखालची वही

मास्तर, हे सोन्यासारखं आहे. सिद्धांतात घेतो. स्वप्नकणाचं मुक्त आयुष्य : एक चहा.

(काय कमी पडतंय त्याचं उत्तर शोधतोय.)

ताकघुसळ्या

एक चहा हे एकक अधिकृत करावं. साखर किती ते परिशिष्टात.

न्यायवैशेषिक

उशिरा आलो. धागाकर्त्याला वाटतंय त्याने नवीन काही काढलंय, म्हणून दोन शब्द.

कणादाची परंपरा सगळ्यांना परमाणूपुरती माहीत असते. दोन परमाणूंचं द्व्यणुक, तीन द्व्यणुकांचं त्र्यणुक, आणि कवडशात तरंगताना दिसतो तो त्र्यणुक. पण त्याच परंपरेत मनसुद्धा अणू आहे हे फारसं कुणी सांगत नाही. मन आकाराने अणुमात्र, म्हणून ते एका वेळी एकाच इंद्रियाला चिकटू शकतं, म्हणून आपल्याला एका क्षणी एकच ज्ञान होतं. तुम्ही स्वप्नाचे कण शोधताय. त्यांनी स्वप्न पाहणाराच कण मानला होता.

त्याच परंपरेतला, साधारण सहाव्या शतकातला प्रशस्तपाद पुढे जातो. झोपेत हा मनाचा अणू इंद्रियांपासून सुटून आत जाऊन बसतो. मग स्वप्न तीन कारणांनी पडतं. एक, संस्काराचा जोर : ज्याच्या मागे लागून झोपलो तेच दिसतं. आपलं 'मनी वसे ते स्वप्नी दिसे'. दोन, धातुदोष : वात वाढला तर माणूस आकाशात उडतो, पित्त वाढलं तर आगीत शिरतो नाहीतर सोन्याचे डोंगर बघतो, कफ वाढला तर नद्या-समुद्र ओलांडतो, बर्फाचे पर्वत बघतो. आणि तीन, अदृष्ट. जिथे पहिली दोन कारणं पुरत नाहीत तिथे.

तर वही, तुम्ही व्हाळ ओलांडत होतात. सर्दी झाली होती का?

उशीखालची वही

...

हो. गणपतीत भिजलो होतो. वाफारा घेऊनच झोपलो होतो त्या रात्री.

सुपारीबाग

हसून हसून पुरेवाट!!

भौतिकीचा मास्तर

सप्टेंबरात सर्दी कुणाला नसते? व्हाळ न ओलांडता सर्दी झालेले किती, तेही मोजा की.

आणि न्यायवैशेषिक, तिसरं कारण 'अदृष्ट' म्हणजे 'माहीत नाही' याला दिलेलं भारदस्त नाव. मला आवडलं, पण आहे ते तेच.

न्यायवैशेषिक

मास्तर, तुमच्यात न दिसणाऱ्या पदार्थाला 'डार्क मॅटर' म्हणतात ते काय वेगळं आहे?

ताकघुसळ्या

मी दाणे घेऊन बसलोय. चालू द्या.

गंधर्वनगरी

मारामारी थांबवून जरा ग्रीसला चला, कारण धागाकर्त्याचा खरा पूर्वज तिथे आहे. डेमोक्रिटस, इसवी सनापूर्वी पाचवं शतक. तो म्हणायचा की प्रत्येक वस्तूवरून अणूंचे पातळ पापुद्रे सतत सुटत असतात, हवेतून फिरत येतात आणि झोपलेल्याच्या अंगात रंध्रांतून शिरतात. तेच स्वप्न. प्लुटार्क या ग्रीक लेखकाने त्याचं मत दिलंय त्यात तर असंही आहे की हे पापुद्रे नुसता आकार आणत नाहीत, ज्या माणसावरून सुटले त्याच्या मनातले विचार, राग-लोभसुद्धा घेऊन येतात. वही, तुमच्या आईचा साकव घ्या!

चारशे वर्षांनी रोममध्ये ल्युक्रिशियसने हेच कवितेत मांडलं. अर्धा माणूस अर्धा घोडा कुणी पाहिलेला नसताना दिसतो कसा? तर घोड्याचा पापुद्रा आणि माणसाचा पापुद्रा वाटेत एकमेकांना चिकटले. कोळ्याच्या जाळ्याचे दोन तंतू हवेत चिकटतात तसे. (सुपारीबागचे चपलॉन-पंगतॉन याच नियमाने.)

आणि सगळ्यात गोड भाग. प्लुटार्कच्या पंगतीत एकदा वाद रंगतो की शरद ऋतूतली स्वप्नं सर्वात कमी भरवशाची का. डेमोक्रिटसच्या बाजूने उत्तर येतं : पानगळीत हवा खडबडीत होते, आणि येता येता हे पापुद्रे वाकडेतिकडे होतात.

सुपारीबाग

आपल्याकडे पानगळ माघ-फाल्गुनात. म्हणजे ग्रीकांची शरदात बिघडतात ती स्वप्नं आपली होळीला बिघडणार. पोफळीच्या बागेत मात्र बाराही महिने चोख, आमची पानं एकदम गळतच नाहीत.

देहूकर पाव्हणा

वस्तुमानाचा प्रश्न अजून तसाच आहे म्हणून सांगतो. तुकोबांना गुरूचा अनुग्रह स्वप्नात झाला. त्या अभंगात गुरूंनी जेवायला काय मागितलं? पावशेर तूप. आणि तुकोबा म्हणतात, विसर पडला स्वप्नात. चारशे वर्षांनी मी ते वाचतो आणि मला अनुग्रहापेक्षा ते तूपच टोचतं. अख्ख्या स्वप्नात एकच गोष्ट वजनासकट आठवली, तीही द्यायची राहून गेलेली.

अनुस्वार

हे छान लिहिलंत.

रात्रपाळी

सगळे मजेत आहेत, मी जरा वेगळं लिहिते. नको वाटलं तर दुर्लक्ष करा.

बाबा एसटीत ड्रायव्हर होते, घाटातल्या गाड्या. निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली. गेल्या वर्षीपासून पहाटे चार-साडेचारला झोपेत गाडी चालवतात. म्हणजे खरंच चालवतात. डावा हात गिअरवर, उजव्या पायाने ब्रेक. आई शेजारी झोपते, तिच्या पोटरीवर त्या ब्रेकचे वळ आहेत. मागच्या महिन्यात "साइड दे रे" असं ओरडून स्टिअरिंग इतक्या जोरात फिरवलं की कॉटवरून खाली पडले, भुवईला चार टाके. जागं केलं की लगेच शुद्धीवर येतात आणि नीट सांगतात, समोरून टँकर आला होता. तुमच्या भाषेत, बाबांच्या बाबतीत हे कण डोक्यात न राहता हातापायांत उतरतात. जवळच्या दवाखान्यात दाखवलं तर "वय झालं, गोष्टी आठवतात" म्हणून झोपेची गोळी दिली.

निजानंद

रात्रपाळी, मी मेंदूविकाराच्या क्षेत्रातला आहे, म्हणून थांबून लिहितो. इथे निदान करणार नाही, पण तुम्ही जे वर्णन केलंय ते ऐकून मी तरी "वय झालं" म्हणणार नाही.

झोपेचा एक टप्पा असतो ज्यात मिटलेल्या पापण्यांखाली बुबुळं भराभर हलतात. शिकागोत ॲसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी १९५३ साली तो मांडला. ॲसेरिन्स्कीने तर आपल्या आठ वर्षांच्या मुलालाच यंत्राला जोडून बसवलं होतं. त्या टप्प्यात २७ वेळा माणसांना उठवलं, त्यातल्या २० वेळा त्यांनी स्वप्न तपशिलात सांगितलं. हा टप्पा साधारण दर दीड तासाने येतो आणि पहाटेकडे लांबत जातो. आणि या वेळात मेंदूचं देठ हातापायांच्या स्नायूंना जवळजवळ कुलूप लावतं. आपण स्वप्नात धावतो पण पाय हलत नाहीत ते म्हणूनच. फ्रान्समध्ये मिशेल जुवे यांनी मांजरांच्या मेंदूतला तो छोटा भाग निकामी केला, तर गाढ झोपलेली मांजरं उठून अदृश्य उंदरांवर झडप घालू लागली.

काही माणसांचं हे कुलूप सैल होतं, बहुतेकदा पन्नाशीनंतरच्या पुरुषांचं. पहाटेची वेळ, उठवल्यावर लगेच शुद्ध आणि स्वप्न हालचालीशी तंतोतंत जुळणं, हे त्यात बसतं. झोपेच्या तज्ज्ञाला किंवा न्यूरॉलॉजिस्टला जरूर दाखवा, रात्रभराची झोपेची तपासणी करतात. पुढे काही वर्षांनी कंपवातासारखे आजार होण्याची शक्यता अशांच्यात जास्त असते, त्यामुळे नजरेखाली असलेलं बरं. आणि आजच्या आज : गादी जमिनीवर, बाजूचं टेबल दूर, आईची झोप वेगळ्या कॉटवर. सध्याच्या सगळ्या गोळ्यांची चिठ्ठी बरोबर न्या, काही गोळ्यांनीही हे होतं. पण मनाने बंद करू नका.

रात्रपाळी

धन्यवाद. खरंच. आई म्हणते वेगळी नाही झोपणार, इतकी वर्षं घाटात गाडी त्यांनी सांभाळली, आता चार तासांची ड्यूटी माझी. गादी मात्र खाली घेतली आज.

ताकघुसळ्या

काकूंना नमस्कार सांगा.

रसायनचूर्ण

दोन दिवस धागा वाचतोय आणि गप्प आहे, पण आता राहवत नाही. स्वप्नकण सापडलेला आहे. वस्तुमान १४६ डाल्टन (रेणूंच्या वस्तुमानाचं एकक). नाव ॲसिटिलकोलीन.

निजानंदांनी सांगितलेल्या त्या टप्प्यात मेंदूत हे रसायन सोडणाऱ्या पेशी जोरात असतात. त्याच वेळी नॉरॲड्रेनलिन सोडणाऱ्या जवळपास गप्प. मेंदू जागेपणीसारखा खवळलेला, पण ज्या रसायनाने आपण सावध राहतो तेच गायब. म्हणजे चित्रं चालू, चौकीदार झोपलेला. स्वप्नातली अनवाणी पंगत त्या क्षणी विचित्र वाटत नाही ती म्हणूनच असावी.

पण मला सांगायचंय ते हे की हे रसायन पकडलं कसं गेलं. ऑटो लोवी, ऑस्ट्रियात ग्राझला होता. मज्जातंतू हृदयाला निरोप देतात तो विजेने की रसायनाने, हा वाद. एका रात्री स्वप्नात त्याला प्रयोग दिसला. उठून चिठोऱ्यावर खरडलं, परत झोपला. सकाळी स्वतःचंच अक्षर लागेना! सगळा दिवस त्या चिठोऱ्याकडे बघत काढला. दुसऱ्या रात्री तीनच्या सुमारास तेच स्वप्न परत आलं. या वेळी शहाणपणा केला, लिहीत न बसता थेट प्रयोगशाळा गाठली. दोन बेडकांची हृदयं, दोन्ही धडधडती, खारट द्रावणात. एकाच्या मज्जातंतूला चेतवलं, ते मंदावलं. त्याचं द्रावण काढून दुसऱ्यावर घातलं. त्याला तंतू-बिंतू काही जोडलेला नव्हता, तरी तेही मंदावलं. म्हणजे निरोप पाण्यात उतरला होता. १९२१ साली छापलं, १९३६ साली हेन्री डेल यांच्याबरोबर नोबेल.

त्या पाण्यात होतं ते ॲसिटिलकोलीन. म्हणजे बघा, ज्याच्या जोरावर स्वप्न पडतं त्याने स्वप्नात येऊन आपला पत्ता दिला, आणि पहिल्यांदा पत्ता वाचता आला नाही म्हणून दुसऱ्या रात्री परत आला.

भौतिकीचा मास्तर

ही गोष्ट लोवीने कित्येक वर्षांनी स्वतः सांगितलेली आहे, म्हणून थोडं मीठ राखून ठेवतो. पण बेडकांची हृदयं खरी होती आणि ती कुणालाही करून बघता येत होती. स्वप्न कुठून आलं याला मग महत्त्व नाही.

उलट बाजूची गोष्टही ऐका. १९०३ साली फ्रान्समध्ये नान्सीच्या ब्लाँडलोने 'एन किरण' शोधले. अंधाऱ्या खोलीत अंधुक ठिपका किंचित उजळ दिसायचा. बऱ्याच जणांना दिसला! १९०४ साली अमेरिकेतून वूड नावाचा शास्त्रज्ञ बघायला आला आणि अंधारात त्याने यंत्रातला लोलकच हळूच काढून घेतला. ब्लाँडलो तरीही आकडे वाचत राहिला. खोटं बोलत नव्हता, त्याला दिसत होतं.

वही, तुमचा लोलक कोण काढणार?

उशीखालची वही

बायको. गेल्या आठवड्यापासून चालू आहे. मला न सांगता ती रोज अभ्रे बदलते, कधी आईची उशी, कधी आमची. वजन कळू नये म्हणून आमच्या उशीत तिने गव्हाची पिशवी घातलीय (मान धरली आहे). मी सकाळी उठून तोंड धुवायच्या आत वहीत लिहितो.

सात दिवसांचा हिशोब. आईच्या उशीवर चार रात्री, त्यात एकदा परीक्षॉन, तीनदा काही नाही. गव्हाच्या उशीवर तीन रात्री, त्यात एकदा साकव. हो, गव्हाच्या उशीवर. लाल छत्री धरून. आणि एका सकाळी वहीत मी काहीतरी ठळक लिहून दोनदा अधोरेखित केलंय, ते 'कोंबडा' आहे की 'कोथळा' यावर घरात दोन तट पडलेत. मला काहीच आठवत नाही.

रसायनचूर्ण

तुमच्यात आणि लोवीत आता फक्त बेडूक बाकी आहे.

न्यायवैशेषिक

वही, एक राहिलं. चरकाने स्वप्नांचे सात प्रकार केलेत : दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक, दोषज. तुम्ही 'दृष्ट नाही' म्हणून थेट कणांवर उडी मारलीत. यादीतलं दुसरं नाव बघा, आणि आईला फोन करा.

वहीची आई

मी पहिल्यांदाच लिहीत आहे. सुनेने खाते उघडून दिले. चुकले तर सांभाळून घ्या.

बाळा, तू साकव बघितला नाहीस पण ऐकलास. तुला गोवर आला होता तेव्हा नऊ दिवस तू अंधाऱ्या खोलीत होतास आणि पेज पोटात जायची नाही. रोज एक घास एक पाऊल असे करून मी तुला साकवावरून पलीकडे न्यायची. मधल्या बांबूपर्यंत आले की तू तोंड मिटायचास. छत्री माझ्या आजोबांची, ती काळी होती. लाल तुझा रेनकोट. तो तू तापात अंगातून काढू देत नव्हतास.

न्यायवैशेषिक साहेब आहेत त्यांचे बरोबर आहे.

आणि ती उशी पुढच्या वेळी येताना घेऊन ये. घाईत चुकीची दिली गेली. मोराची उशी माझी नाही, तुझ्या आत्याची आहे. ती विचारते आहे.

भौतिकीचा मास्तर

काकू, पुढच्या प्रयोगाला लोलक काढायला तुम्हीच या.

सुपारीबाग

आत्याला काय स्वप्नं पडतात ते कुणीतरी विचारा आधी!

उशीखालची वही

विचारलं. म्हणाली, गेला महिनाभर मस्त झोप लागतेय, एकही नाही.